संपादक म्हणून पुरुषाचे नाव असताना मेरी ॲन शॅड यांना प्रकाशक म्हणावे का?

आपला प्रश्न मला समजला तो असा. मेरी ॲन शॅड केरी यांच्यावर आपल्याला दिवाळी अंकासाठी दीर्घ लेख लिहायचा आहे. उत्तर अमेरिकेतील पहिली कृष्णवर्णीय स्त्री वृत्तपत्र-प्रकाशक ही त्यांची ओळख जिथे तिथे वाचायला मिळते, परंतु त्यांच्या 'प्रॉव्हिन्शियल फ्रीमन' या कॅनडातील साप्ताहिकाचे सुरुवातीचे अंक पाहिले की संपादक म्हणून सॅम्युएल रिंगगोल्ड वॉर्ड या पुरुषाचे नाव समोर येते. तेव्हा ही ओळख खरी मानावी का, आणि लेख त्यांच्या आयुष्यापासून सुरू करावा की लेखनापासून, असे आपण विचारले आहे.

मी तालुक्याच्या गावी बरीच वर्षे एक साप्ताहिक चालवले आणि त्यानंतर वृत्तपत्रांचा इतिहास शिकवला, त्यामुळे माझे उत्तर धंद्याच्या बाजूने येणार हे आधीच सांगतो. माझ्या मते ओळख खरी आहे. मात्र ती सिद्ध करण्यासाठी अंकावरचे नाव पुरत नाही. वर्गणी कोण मागत होते, ती थकली तेव्हा कोणाला झळ बसली आणि त्या पैशाविषयी लेखात काय लिहिले जात होते, हे तिन्ही एकत्र पाहावे लागते. शॅड यांच्या बाबतीत ते तिन्ही एकच आहे, आणि आपल्या लेखाचा कणाही तोच असावा असे मला वाटते.

आधी 'पहिली' या दाव्याची मर्यादा ठरवून घेऊ. त्या उत्तर अमेरिकेतील पहिल्या स्त्री प्रकाशक नव्हेत. पती लुईस टिमथी यांचे १७३८ च्या अखेरीस निधन झाल्यावर एलिझाबेथ टिमथी यांनी चार्ल्सटनचे 'साउथ कॅरोलिना गॅझेट' चालवले, ते शॅड यांच्या शंभराहून अधिक वर्षे आधी. नवरा, भाऊ किंवा वडील गेल्यावर चालू छापखाना हाती येणे, ही सुरुवातीच्या बहुतेक स्त्री प्रकाशकांची वाट होती. आपल्याकडे तानूबाई बिर्जे यांनी 'दीनबंधू'ची धुरा घेतली ती पती वासुदेवराव यांच्या मृत्यूनंतरच. यात कोणाचेही कर्तृत्व कमी होत नाही. परंतु शॅड यांचे वेगळेपण याच पार्श्वभूमीवर उठून दिसते. मार्च १८५३ मध्ये पहिला अंक निघाला तेव्हा त्या एकोणतीस वर्षांच्या अविवाहित शिक्षिका होत्या, वारशाने आलेले पत्र त्यांच्याकडे नव्हते आणि नुकतीच नोकरीही गेली होती.

आता वॉर्ड यांच्या नावाकडे येऊ. आपल्या वृत्तपत्रांच्या शेवटच्या पानावर तळाशी 'मुद्रक, प्रकाशक, संपादक' अशी जी ओळ असते, ती १८६७ च्या कायद्यापासून आपल्या अंगवळणी पडली आहे. छोट्या पत्रांत काम केलेल्या कोणालाही विचारा, त्या ओळीतले नाव आणि रात्री दिव्याखाली बसून मुद्रिते तपासणारा माणूस एकच असेल याची खात्री तो देणार नाही. कधी नाव वडिलांचे असते, कधी गावातल्या प्रतिष्ठित वकिलांचे, कधी ज्याच्या नावाने जाहिरात मिळते त्याचे. वॉर्ड यांचे नाव असेच उपयोगाचे होते. ते स्वतः गुलामगिरीत जन्मलेले, बालपणीच आईवडिलांबरोबर निसटलेले, आणि गुलामगिरीविरोधी व्याख्याते म्हणून दूरवर ख्याती असलेले धर्मोपदेशक होते. एका तरुण स्त्रीच्या नावाने पत्र काढले असते तर किती घरांनी वर्गणी भरली असती, हा हिशेब शॅड यांनी केला असणार.

पण तारखा पाहा. २४ मार्च १८५३ रोजी कॅनडातील विंडसर येथे नमुना अंक निघाला. थोड्याच दिवसांत वॉर्ड कॅनडाच्या गुलामगिरीविरोधी संस्थेसाठी निधी गोळा करायला ब्रिटनला गेले आणि या पत्रासाठी पुन्हा परतले नाहीत. त्यानंतर वर्षभर गावोगाव व्याख्याने देत वर्गणीदार जमवत शॅड हिंडल्या, आणि २५ मार्च १८५४ पासून टोरांटोहून पत्र दर आठवड्याला निघू लागले. म्हणजे पत्र नियमित झाले तेव्हा त्याचे घोषित संपादक अटलांटिकच्या पलीकडे होते. पत्रव्यवहारासाठी नाव छापले जाई ते 'एम. ए. शॅड'. आद्याक्षरांवरून वाचकांनी हा पुरुष असावा असे धरून चालावे, ही सोय त्यात होती, आणि पत्रांच्या पाकिटांवर 'मिस्टर' व 'एस्क्वायर' झळकू लागले. १८५४ मध्येच त्यांनी अंकातून आपले खरे नाव जाहीर केले आणि या संबोधनांनी हाक मारलेली आपल्याला आवडत नाही, असे बजावले. त्या काही ओळी आपल्या लेखात जरूर याव्यात.

माझी कसोटी साधी आहे. साप्ताहिक चालवताना गुरुवारी रात्री आमच्याकडे पत्त्यांच्या पट्ट्या खळीने चिकटवल्या जात आणि ज्याची वर्गणी संपत आली असेल त्याच्या पट्टीवर लाल शाईची खूण केली जाई. ती खूण कोणी करायची, हा प्रश्न अग्रलेख कोणी लिहायचा यापेक्षा नाजूक असतो, कारण ती करणाऱ्याला रविवारी बाजारात त्याच माणसाला तोंड द्यावे लागते. 'फ्रीमन'मध्ये हे काम शॅड यांचे होते. थकबाकीदारांना तगादे, दौऱ्यावरून मजकूर, वर्गणीदारांच्या याद्या आणि चिडलेल्या वाचकांना उत्तरे हे सगळे त्यांच्याकडून होत होते. हाताशी धाकटा भाऊ आयझॅक होता, आणि फिलाडेल्फियातून विल्यम स्टिल पत्राचे प्रतिनिधी म्हणून मजकूर पाठवत व वर्गणी जमवत. अशा माणसाला प्रकाशक म्हणायचे नसेल, तर तो शब्द कोणासाठी राखून ठेवायचा?

आता मूळ गोष्ट. पैशाचा हा प्रश्न त्यांच्या जगण्यात आणि लेखनात आधीपासूनच होता. जन्म ९ ऑक्टोबर १८२३ चा, डेलावेअर राज्यातील विल्मिंग्टनचा. हे गुलामगिरीचे राज्य होते, परंतु शॅड कुटुंब स्वतंत्र होते. वडील अब्राहम शॅड चांभारकाम करत, गुलामगिरीविरोधी चळवळीत पुढे असत आणि पळून आलेल्यांना आसरा देत. तेरा भावंडांत त्या थोरल्या. मुलांना शिकता यावे म्हणून कुटुंब पेनसिल्व्हेनियातील वेस्ट चेस्टरला गेले, आणि तेथे क्वेकर या गुलामगिरीविरोधी ख्रिस्ती पंथाच्या शाळेत त्यांचे शिक्षण झाले. नंतर त्यांनी अनेक ठिकाणी शिकवले. स्वतःच्या हाताने कमावणारे वडील आणि स्वतःच्या पगारावर जगणारी थोरली मुलगी, हे घर ध्यानात ठेवले म्हणजे पुढचा कडवटपणा समजतो.

१८५० चा पलायित गुलामांचा कायदा आला आणि उत्तरेकडच्या राज्यांतील स्वतंत्र कृष्णवर्णीयांनाही धास्ती वाटू लागली, कारण पकडलेल्या माणसाला आपल्या बाजूने साक्ष देण्याचाही हक्क नव्हता. ब्रिटिश साम्राज्यात १८३४ पासून गुलामगिरी बंद होती, त्यामुळे लोकांचा ओघ कॅनडाकडे वळला. १८५१ मध्ये शॅड विंडसरला आल्या आणि जुन्या लष्करी बराकीत त्यांनी शाळा सुरू केली. त्या वेळच्या कायद्याने कृष्णवर्णीयांसाठी वेगळ्या शाळा काढण्याची मुभा होती. शॅड यांनी आपली शाळा सर्व वर्णांच्या मुलांना खुली ठेवली. तेथे त्यांचा हेन्री बिब आणि मेरी बिब या दांपत्याशी संघर्ष उभा राहिला. हेन्री बिब स्वतः केंटकीतून पळून आलेले, जानेवारी १८५१ पासून 'व्हॉइस ऑफ द फ्युजिटिव्ह' हे पत्र काढणारे. नव्याने येणाऱ्यांना जमीन मिळावी म्हणून स्थापन झालेल्या रेफ्युजी होम सोसायटीचे ते पुरस्कर्ते होते. या संस्थेचे प्रतिनिधी अमेरिकेत फिरून पैसे आणि जुने कपडे गोळा करत. शॅड यांनी याला सरळ भिक्षा म्हटले. त्यांचा आक्षेप दुहेरी होता. एक तर गोळा झालेल्या पैशाचा हिशेब नीट मिळत नाही. आणि दुसरे, कॅनडात आलेले लोक उपाशी आणि लाचार आहेत असे चित्र उभे केले की गुलामगिरीच्या समर्थकांना हवा असलेला पुरावाच आपण त्यांच्या हातात देतो.

येथे आपण सावधपणे लिहावे, एवढी विनंती आहे. शॅड यांचे गद्य इतके धारदार आहे की वाचणारा नकळत त्यांच्याच बाजूने उभा राहतो. परंतु हिवाळ्यात नदी ओलांडून अंगावरच्या कपड्यांनिशी आलेल्या कुटुंबाला मदत लागतच होती, आणि बिब यांना ते स्वतःच्या अनुभवातून ठाऊक होते. शिवाय शॅड यांची शाळाही केवळ मुलांच्या फीवर चालत नव्हती. अमेरिकन मिशनरी असोसिएशनकडून त्यांना पगार मिळत होता, आणि ही गोष्ट त्यांनी पालकांना सांगितलेली नव्हती. बिब यांनी ती आपल्या पत्रातून उघड केली तेव्हा त्या संतापल्या. केलेल्या कामाचा पगार आणि फिरून मागितलेली मदत यांत फरक आहे, असे माझे मत आहे, आणि तो फरक महत्त्वाचाही आहे. तरी पगार लपवून ठेवल्याने त्यांची बाजू लंगडी झाली, हे नाकारता येत नाही. १८५३ च्या सुरुवातीला असोसिएशनने त्यांचा पगार थांबवला. त्यांच्या धार्मिक मतांचे कारण देण्यात आले, पण बिब यांच्याशी चाललेले जाहीर भांडणही त्यामागे असणार.

पगार थांबल्यावर काही आठवड्यांतच 'फ्रीमन'चा नमुना अंक निघाला. ही जवळीक मला फार बोलकी वाटते. प्रतिपक्षाकडे स्वतःचे पत्र होते, यांच्याकडे नव्हते, आणि देणगीदार संस्थेवर विसंबले तर काय होते ते नुकतेच कळले होते. पत्राचे ब्रीदवाक्य होते, 'स्वावलंबन हाच स्वातंत्र्याचा खरा मार्ग'. आज शाळेच्या भिंतीवर शोभेल असे हे वाक्य त्या वेळी नेम धरून मारलेला दगड होता, आणि तो कोणाला लागायचा आहे हे विंडसरमधल्या प्रत्येक वाचकाला कळत होते. दुसरीकडे याच वाक्याने शॅड यांनी स्वतःचेही हात बांधून घेतले. जे पत्र दर आठवड्याला भिक्षेवर टीका करते, ते स्वतः देणग्यांवर कसे चालेल? म्हणून सगळी भिस्त वर्गणीवर. आणि वर्गणीदार म्हणजे बहुतांशी नव्या देशात पाय रोवू पाहणारे, थंडीसाठी लाकूडफाटा साठवणारे, पहिले पीक हाती येण्याची वाट बघणारे लोक. पत्र सतत अडचणीत राहिले, मधूनमधून बंद पडले, १८५५ मध्ये टोरांटोहून चॅटमला हलवले गेले, आणि १८५७ च्या आर्थिक मंदीनंतर तर त्याची नियमितता संपलीच. त्यांच्या विचारावर ही सर्वांत कठोर परीक्षा होती, आणि निकाल संमिश्र लागला असे मी म्हणेन. पत्र टिकले नाही, पण जितकी वर्षे निघाले तितकी वर्षे ते कोणत्याही देणगीदाराच्या दबावाखाली लिहीत नव्हते.

आता लेखनाविषयी. १८५२ ची चव्वेचाळीस पानांची पुस्तिका आधी वाचा, जी 'नोट्स ऑफ कॅनडा वेस्ट' या नावाने ओळखली जाते. स्थलांतराची बाजू मांडणारे लेखन म्हटले की आपण आवेशपूर्ण भाषणाची अपेक्षा करतो. येथे मात्र हवामान, जमिनीचा पोत, पिके, इमारती लाकूड, जमिनीच्या किमती, मजुरी, शाळा, चर्च आणि मताधिकार यांची क्रमाने माहिती येते, आणि मेक्सिको, वेस्ट इंडीज, व्हँकूव्हर बेट या पर्यायांचाही विचार येतो. शेतकरी जमीन घेण्याआधी जे प्रश्न विचारतो, त्यांची ती उत्तरे आहेत. कॅनडात वर्णद्वेष नाही असा भाबडा दावा त्या करत नाहीत. मात्र कायदा समान आहे आणि काम मिळते, यावर त्या भर देतात. ही पुस्तिका वाचल्यावर 'फ्रीमन'मधील भिक्षाविरोधी लेख नुसते भांडण वाटत नाहीत. ज्या देशात कष्टाने घर उभे राहते हे आकड्यांनिशी दाखवले, त्या देशाच्या नावाने झोळी फिरवली जाते, हा त्यांचा राग होता.

अंकांकडे वळताना एक तांत्रिक पथ्य पाळावे. त्या काळच्या प्रथेप्रमाणे बरेच अग्रलेख बिननावाचे आहेत. मी विद्यार्थ्यांना सांगत असे की नाव किंवा आद्याक्षरे असलेला मजकूर वेगळा ठेवा, तारीख व प्रसंगावरून जवळजवळ निश्चित करता येणारा वेगळा, आणि उरलेला 'फ्रीमनने लिहिले' एवढेच म्हणून वापरा. विशेषतः मे १८५६ पासून आयझॅक शॅड, एच. फोर्ड डग्लस आणि मेरी ॲन अशी तीन संपादकांची नावे येतात, तेव्हा प्रत्येक तिखट वाक्य त्यांच्या नावावर जमा करण्याचा मोह टाळावा.

निःसंशय त्यांचा असा मजकूर कमी नाही. जून १८५५ मध्ये विल्यम न्यूमन या धर्मोपदेशकांकडे संपादकपद सोपवताना त्यांनी वाचकांचा निरोप घेतला, तो जरूर वाचा. पत्राला पुरुष संपादक असावा हा दबाव त्यामागे होता, आणि त्यांनी तो झाकला नाही. कृष्णवर्णीय स्त्रियांना उद्देशून त्या सांगतात की इच्छेने म्हणा वा अनिच्छेने, संपादकीय क्षेत्रातला बर्फ आम्ही तुमच्यासाठी फोडला आहे, तेव्हा ज्यांची तयारी आणि कुवत असेल त्यांनी संपादनाला लागावे. या ओळींत पराभवाची भाषा नाही, कृतज्ञतेचीही नाही. कामाची वाटणी करणाऱ्या माणसाचा स्वर आहे. त्यांनी पत्र सोडलेही नाही. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये फिलाडेल्फियाच्या कृष्णवर्णीय राष्ट्रीय परिषदेत त्यांना प्रवेश द्यावा की नाही यावर वाद झाला; फ्रेडरिक डग्लस यांनी त्यांची बाजू घेतली, मतदान होऊन प्रवेश मिळाला, आणि त्यांचे भाषण इतके रंगले की ठरलेली वेळ संपल्यावर आणखी वेळ देण्यात आला. अमेरिका सोडावी की तेथेच लढावे यावर डग्लस आणि शॅड यांची मते टोकाची वेगळी होती, म्हणून हा प्रसंग विशेष.

त्या मतभेदातला शॅड यांचा स्वर ऐकायचा असेल तर एप्रिल १८५७ चा लेख पाहा. ड्रेड स्कॉट खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने कृष्णवर्णीय हे अमेरिकेचे नागरिक होऊ शकत नाहीत असा निर्णय मार्चमध्ये दिला, आणि फिलाडेल्फियात निषेधसभा भरल्या. ठराव ऐकून शॅड यांचा संयम सुटला. तुमचे राष्ट्राचे जहाज कुजले आहे, बुडते आहे, मग ते सोडत का नाही आणि तसे उघडपणे म्हणत का नाही, असा त्यांचा सवाल होता. निषेधाच्या भाषणांविषयी त्यांना असलेला तिटकारा नवा नव्हता; १८४९ मध्येच डग्लस यांच्या 'नॉर्थ स्टार'ला पाठवलेल्या पत्रात आपण बोलणे कमी करून काम जास्त करावे, असे त्यांनी लिहिले होते.

आयुष्याचा उरलेला भाग आपल्या लेखात थोडक्यात आला तरी चालेल, मात्र तो गाळू नका. जानेवारी १८५६ मध्ये त्यांनी टोरांटोतील थॉमस केरी या केशकर्तन व्यावसायिकाशी विवाह केला; पती टोरांटोत आणि त्या चॅटमला पत्रापाशी, असा संसार झाला, आणि १८६० मध्ये केरी वारले. गुलामगिरी उलथवण्यासाठी जॉन ब्राउन यांनी १८५९ मध्ये हार्पर्स फेरी येथील सरकारी शस्त्रागारावर केलेल्या हल्ल्यातून वाचलेला कृष्णवर्णीय साथीदार ऑस्बर्न अँडरसन हा 'फ्रीमन'च्या छपाईत काम केलेला. त्याच्या १८६१ मधील आत्मकथनाच्या संपादनात शॅड केरी यांचा हात होता. अमेरिकेतील यादवी युद्धात त्यांनी कृष्णवर्णीय सैनिकांची भरती केली. म्हणजे ज्यांनी बुडते जहाज सोडा म्हटले, त्याच आता त्यासाठी माणसे गोळा करत होत्या. याला विसंगती म्हणून झोडपू नये. युद्धाने गुलामगिरी संपण्याची शक्यता आणली आणि त्यांनी मत बदलले. पुढे वॉशिंग्टनमध्ये शिक्षिका, १८६९ मध्ये हॉवर्ड विद्यापीठात कायद्याचा अभ्यास आणि पदवी १८८३ मध्ये, म्हणजे साठीच्या उंबरठ्यावर. स्त्रियांच्या मताधिकारासाठीही त्या झगडल्या. ५ जून १८९३ रोजी त्यांचे निधन झाले.

आता आपल्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर. कोणत्या वाचकासाठी लिहिता आहात यावर ते अवलंबून आहे. शालेय वाचकांसाठी असेल तर जन्मापासून सुरू करायला हरकत नाही. दिवाळी अंकाच्या वाचकासाठी मात्र मी १८५३ चे पहिले काही महिने निवडीन. थांबलेला पगार, नमुना अंक आणि परदेशी निघालेला संपादक एवढे मांडले की मागचे आणि पुढचे आपोआप जोडता येते. 'अमेरिकेची सावित्रीबाई' असा मथळा संपादक सुचवतील; तो नम्रपणे नाकारा, कारण त्याने दोघींचेही काम पुसट होते. महाराष्ट्राचा धागा हवाच असेल तर जोतीराव फुले यांनी १८७३ मध्ये 'गुलामगिरी' हे पुस्तक अमेरिकेत गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या सदाचारी लोकांना अर्पण केले, एवढा उल्लेख पुरे. त्या झटणाऱ्यांत गोऱ्या उदारमतवाद्यांइतकेच शॅड यांच्यासारखे कृष्णवर्णीय पत्रकारही होते, हे त्या निमित्ताने एका वाक्यात सांगता येईल.

नावाचेही ठरवून घ्या. जानेवारी १८५६ पूर्वीच्या घटनांत 'शॅड' आणि नंतरच्या घटनांत 'शॅड केरी' लिहावे, आणि पहिल्या उल्लेखात पूर्ण नाव द्यावे. नाहीतर १८५३ च्या अंकावर केरी हे आडनाव शोधत बसलेला वाचक आपल्यालाच पत्र पाठवील.